पेडण्याचा बोगदा: कोकण रेल्वे, जांभा आणि मुरलेलं पाणी

९ जुलै २०२४ रोजी दुपारी अडीचच्या सुमारास पेडणे बोगद्यात रुळांखालून पाणी वर येऊ लागलं. मडुरे आणि पेडणे या स्थानकांच्या मध्ये, महाराष्ट्राची हद्द संपून गोवा सुरू होतो तिथला हा बोगदा. बोगद्यात छतातून ठिबकणं कोकणात कुणी फारसं मनावर घेत नाही. इथे मात्र पाणी तळातून येत होतं आणि येताना गाळ घेऊन येत होतं. रात्री दहानंतर मार्ग मोकळा झाला, पहाटे तीनला पुन्हा तोच प्रकार. गाड्या रद्द झाल्या, काही पुणे-मिरज-लोंढामार्गे वळवल्या, चाकरमानी आणि पर्यटक स्थानकांवर अडकले. वाहतूक पूर्ववत व्हायला १० तारखेची रात्र उजाडली.

याच बोगद्याची भिंत ६ ऑगस्ट २०२० च्या पहाटे सुमारे पाच मीटर लांबीत कोसळली होती. तेव्हा कित्येक आठवडे गाड्या लोंढ्याच्या वळशाने गेल्या. १९ जुलै २०२१ ला थिवी आणि करमळी यांच्यामधल्या जुन्या गोव्याच्या बोगद्यात चिखल-पाणी शिरलं. बातम्यांत तिन्ही वेळा कारण एकच: अतिवृष्टी. ते खोटं नाही. पण जुलैत कोकणात धो धो पाऊस पडणं हे काही आक्रीत नाही. तो पडणारच हे धरून जे बांधलं, ते पंचवीस वर्षांनी पावसानेच का अडतं, हा या अभ्यासाचा विषय.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. कोकण रेल्वेच्या डोंगरांतल्या अडचणींचं मूळ खडकाच्या ताकदीत कमी आणि खडकातल्या पाण्यात जास्त आहे. ते पाणी बांधकामाच्या हिशोबात 'अडथळा' म्हणून धरलं गेलं, आणि पर्यावरणाच्या वादात ते धरलंच गेलं नाही.

आखणीतच ठरलेलं भवितव्य

कोकण रेल्वे महामंडळ १९ जुलै १९९० रोजी स्थापन झालं. रेल्वेमंत्री जॉर्ज फर्नांडिस, अर्थमंत्री मधू दंडवते, आणि महामंडळाच्या प्रमुखपदी ई. श्रीधरन. भागभांडवलात रेल्वेचा वाटा ५१ टक्के, महाराष्ट्राचा २२, कर्नाटकाचा १५, गोवा आणि केरळ यांचा ६-६. पैसा मुख्यतः रोख्यांतून उभा करायचा आणि मार्ग चालवून फेडायचा, म्हणजे काम जितकं लांबेल तितकं व्याज चढत जाणार. ही घाई पुढच्या प्रत्येक निर्णयात दिसते.

मार्गाचे निकष महत्त्वाकांक्षी होते. वेग ताशी १६० किलोमीटरपर्यंत नेता यावा, चढ १५० ला १ पेक्षा तीव्र नसावा, वळणाची त्रिज्या १,२५० मीटरपेक्षा कमी नसावी. कागदावर हे तीन आकडे साधे दिसतात. कोकणचा नकाशा समोर ठेवला की त्यांचा अर्थ कळतो. सह्याद्रीच्या सोंडा पूर्वेकडून पश्चिमेला समुद्राकडे उतरतात, दोन सोंडांच्या मध्ये नदी नाहीतर खाडी. रेल्वे उत्तर-दक्षिण जाणार, म्हणजे प्रत्येक सोंड आणि प्रत्येक नदी तिला जवळपास काटकोनात आडवी येणार. महामार्ग सोंडेला वळसा घालतो, घाट चढतो, उतरतो. दीडशेला एकच्या चढाला आणि सव्वा किलोमीटरच्या त्रिज्येला ती मुभा नाही. त्यामुळे सोंड आली की पोटातून जायचं आणि दरी आली की भराव किंवा पूल टाकायचा. मार्गाची लांबी साधारण ७४० किलोमीटर, त्यात एक्क्याण्णव-ब्याण्णव बोगदे, त्यांची एकूण लांबी सुमारे ८४ किलोमीटर. सर्वांत लांब रत्नागिरीजवळचा करबुडे, साडेसहा किलोमीटर. पुलांची संख्या लहानमोठे मिळून दोन हजारांच्या घरात.

बोगदा की कटिंग, हा प्रश्न अशा मार्गावर पावलोपावली येतो. ढोबळ ठोकताळा असा की खोली साधारण वीस मीटरच्या आत असेल तर डोंगर वरून उघडा कापणं स्वस्त, त्यापुढे बोगदा स्वस्त. या ठोकताळ्यात खोदकामाचा खर्च येतो. कापलेल्या उतारावर पुढची शंभर वर्षं पाऊस पडणार आहे आणि दर वर्षी कुणीतरी तो तपासणार, झाडणार, बांधून काढणार आहे, हा खर्च त्यात नसतो. वीस मीटरला कटिंग सुचवणारा अभियंता चुकत नाही, तो फक्त पहिल्या दिवसाचं बिल पाहत असतो.

जांभ्याच्या खाली

रत्नागिरी-राजापूरच्या उत्तरेला मार्ग बसाल्टमधून जातो, म्हणजे आपल्या नेहमीच्या काळ्या कातळातून. तिथले बोगदे स्वीडनहून आणलेल्या हायड्रॉलिक ड्रिलिंग यंत्रांनी आणि सुरुंगांनी पार झाले. करबुड्यासारखं मोठं काम अवघड होतं, पण खडक स्वतःच्या पायावर उभा राहणारा होता. खरी परीक्षा दक्षिणेकडे, जिथे डोंगर वरून कणखर आणि आतून पोकळ स्वभावाचा आहे.

हा डोंगर समजून घ्यायला भूशास्त्राचं पुस्तक लागत नाही. सिंधुदुर्गात किंवा उत्तर गोव्यात कुठल्याही जुन्या चिरेखाणीत उतरावं. वरचा थर जांभ्याचा: तांबडा, सच्छिद्र, कापताना मऊ आणि उन्हावाऱ्यात कडक होणारा. चिरा कापून काढलेली भिंत अगदी उभी असते आणि वर्षानुवर्षं तशीच राहते. खाणवाले काही मीटर खाली गेले की थांबतात. दगडाचा रंग बदलतो: तांबड्यात पिवळे, पांढरे, जांभळट पट्टे येऊ लागतात, करवतीच्या पात्याला चिकट माती लागते. तिथून चिरा निघत नाही, खाण सोडून दिली जाते. पावसाळ्यात तिच्यात पाणी साचतं आणि मार्चपर्यंत हटत नाही. त्या दोन गोष्टी, चिकट माती आणि न हटणारं पाणी, हीच या डोंगराची ओळख.

ही माती म्हणजे मूळ खडकच आहे, जागच्या जागी कुजलेला. लाखो वर्षांच्या उष्ण, ओल्या हवामानात पाण्याने त्यातले विरघळणारे घटक वाहून नेले, लोह आणि ॲल्युमिनियम वर राहून त्यांचा जांभा बनला आणि खाली उरली केओलिनसारखी चिकणमाती. भूशास्त्रज्ञ तिला लिथोमार्ज म्हणतात. कोरडी असताना ती कुदळीलाही दाद देत नाही. पाणी प्यायली की हातात कुस्करते आणि दाब आला की वाहू लागते. वरचा जांभा चाळणीसारखा, पाऊस थेट आत घेणारा. खालची माती पाणी अडवून धरणारी. दोन्हींच्या सांध्यावर पाणी साठतं, आणि कोकण-गोव्यातल्या सड्याखालच्या, म्हणजे जांभ्याच्या पठाराखालच्या विहिरी, झरे, पाणंदीतल्या झरी आणि कुळागरांचं (सुपारी-नारळाच्या बागांचं) पाणी याच साठ्यावर चालतं. विहीर खोदणाऱ्याला हा सांधा लागला की तो नारळ फोडतो. बोगदा खोदणाऱ्याला तोच सांधा लागला की काम बंद पडतं.

पेडण्याचा बोगदा अशा डोंगरातून जातो. लांबी सुमारे दीड किलोमीटर, करबुड्याच्या चौथाईपेक्षाही कमी. तरी पूर्ण मार्गावरचं शेवटचं जोडकाम तेच ठरलं.

दीड किलोमीटरची पाच-सहा वर्षं

कोकण रेल्वेवर असे मऊ मातीचे नऊ बोगदे होते आणि त्यांनी अभियंत्यांची जितकी झोप उडवली तितकी बाकी सगळ्यांनी मिळून नसेल. कातळात सुरुंग लावला, धूर गेला, दगड उचलला की तीन मीटर पुढे. इथे सुरुंगाचा उपयोगच नाही. यंत्र पुढे रेटलं की मातीचा दर्शनी भाग सरळ आत येतो. म्हणून मजूर हातांनी, लहान लहान कप्पे पाडून खोदत. आधी वरच्या अर्ध्या भागात चिंचोळी वाट, तिला लोखंडी कमानींचा आधार, कमानींच्या डोक्यावरून पुढच्या मातीत आडवे लोखंडी गज ठोकून तात्पुरतं छत, त्या छताखाली पुढची हातभर माती काढायची, लगेच काँक्रीट. मग बाजू, शेवटी तळ. डोंगरावरून खोल बोअर मारून पाणी उपसायचं, मातीत सिमेंटचं द्रावण दाबाने भरायचं. एवढं करूनही माती कोसळे आणि केलेलं काम पुन्हा पहिल्यापासून करावं लागे. कधी कधी कोसळण्याचा खड्डा थेट वर डोंगराच्या माथ्यावर उघडत असे.

१९९७ मध्ये उत्तरेकडून गाड्या सावंतवाडीपर्यंत येऊ लागल्या होत्या, दक्षिणेकडून गोव्यापर्यंतचा मार्गही तयार होता, मध्ये हा डोंगर. अखेर जानेवारी १९९८ मध्ये तो पार झाला, २६ जानेवारीपासून पूर्ण मार्ग वापरात आला आणि १ मे १९९८ ला पंतप्रधान अटलबिहारी वाजपेयींच्या हस्ते राष्ट्रार्पण झालं. सबंध प्रकल्पात ७४ जणांचे जीव गेले, त्यांचं स्मारक रत्नागिरी स्थानकाबाहेर आहे. या कामाबद्दल बोलताना ते विसरता येत नाही, आणि जिथे शंका होती तिथे काम रेटलं गेलं का, असा प्रश्न विचारणंही त्यांचा अपमान नाही.

आता मूळ मुद्दा. बोगदा खोदताना पाणी उपसून बाहेर काढता येतं. बोगदा बांधून झाला, बोअर बंद झाले, पंप गेले, की पाणी पुन्हा आपल्या पातळीवर येतं. बोगद्याला आतून दिलेल्या काँक्रीटच्या अस्तराच्या मागे ते किती उंच चढलं यावर सगळं अवलंबून. दहा मीटर उंचीचं पाणी दर चौरस मीटरवर दहा टन दाब टाकतं, इतका साधा हिशोब आहे. अस्तराला ठेवलेल्या भोकांतून पाण्याला वाट मिळत राहिली तर दाब उतरतो. भोकं बारीक मातीने बुजली तर चढतो. आणि वाट मिळाली तरी त्या वाटेने पाण्याबरोबर माती गेली, तर अस्तरामागे पोकळी तयार होते, आधार जातो, भिंतीवरचा भार एकसारखा राहत नाही. २०२४ मध्ये तळातून जो गाळ वर आला तो कुठल्यातरी जागेवरून निघालेला होता. एका रात्रीत मार्ग साफ करता येतो, ती जागा भरून निघत नाही.

म्हणून अशा बोगद्याला बांधकाम संपल्याची तारीख नसते. वर सड्यावर पडणारा पाऊस कुठे मुरतो, चर बुजलेत का, वर कुणी खाण उघडली का, उतारावर बांधकाम होऊन पाण्याचा ओघ बदलला का, या गोष्टी रुळांइतक्याच बोगद्याच्या देखभालीत येतात. रेल्वेची हद्द मात्र बोगद्याच्या तोंडाशी आणि थोड्या पट्ट्यात संपते. डोंगराचा माथा गावाचा, वनखात्याचा किंवा खासगी मालकाचा.

वाद झाला, पण खाजणांचा

पर्यावरणाचा विचार झालाच नाही असं नाही. गोव्यात तर या मार्गावरून नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला मोठं रान उठलं होतं. मागणी अशी की मार्ग किनारपट्टीजवळून, मये, जुने गोवे, मांडवी-जुवारीच्या काठच्या खाजणांतून नेऊ नये, आत पूर्वेकडून न्यावा. खाजण म्हणजे खाडीचं खारं पाणी बांध आणि मानशींनी (बांधातल्या दरवाजांनी) आवरून भात आणि मासळी दोन्ही घेणारी, शेकडो वर्षं जुनी व्यवस्था. तिच्यातून उंच भराव टाकला तर पाण्याचं येणंजाणं तुटेल, ही भीती रास्त होती. गोवा फाउंडेशन ही पर्यावरणवादी संस्था मुंबई उच्च न्यायालयात गेली. १९९२ मध्ये याचिका फेटाळली गेली. न्यायालयाच्या म्हणण्याचा सारांश असा की थोडाफार धक्का लागल्याशिवाय कुठलाच विकास होत नाही आणि लोकोपयोगी प्रकल्प तेवढ्यासाठी सोडून देता येत नाही. १९९३ मध्ये केंद्राने गोव्यातलं काम थांबवून निवृत्त न्यायमूर्ती ओझा यांच्याकडे चौकशी सोपवली. त्यानंतरही आखणी मुळातली तीच राहिली.

मला या वादात एक गोष्ट खटकते, आणि ती दोन्ही बाजूंना लागू आहे. पर्यावरण म्हणजे हिरवं आणि ओलं: खाजण, तळं, खारफुटी, पक्षी. डोंगराच्या पोटातलं काम म्हणजे तांत्रिक बाब, ती अभियंत्यांनी पाहावी. खाजणांत काय होईल यावर न्यायालयात युक्तिवाद झाले. पेडण्याच्या डोंगरातल्या पाण्याची पातळी बदलली तर वरच्या वाड्यांच्या विहिरींचं आणि खालच्या बोगद्याचं काय होईल, हा प्रश्न कुठल्याच व्यासपीठावर आला नाही. पाणी मात्र एकच होतं. सड्यात मुरलेलं, झऱ्यातून उतरलेलं आणि शेवटी खाजणात पोचलेलं.

कायद्याचीही मदत नव्हती. पर्यावरणीय परिणाम मूल्यांकन सक्तीचं करणारी अधिसूचना २७ जानेवारी १९९४ ला निघाली, तोवर काम निम्म्याच्या पुढे गेलेलं. आणि ती आधी निघाली असती तरी फरक पडला नसता, कारण तिच्या यादीत रेल्वेमार्ग नव्हते. २००६ च्या सुधारित अधिसूचनेतही ते नाहीत. महामार्गाला परवानगी लागते, शेजारून तोच डोंगर कापणाऱ्या रेल्वेला लागत नाही. यामागचं तर्कट मला आजवर कुणी समजावून सांगू शकलेलं नाही.

कटिंग आणि बोगद्याची तोंडं

पेडणे हे टोकाचं उदाहरण झालं. मार्गावरचे सर्वांत भीषण अपघात मात्र बोगद्याच्या आत झाले नाहीत. २२ जून २००३ च्या रात्री कारवारहून मुंबईला निघालेली सुट्टीतली विशेष गाडी वैभववाडीजवळ बोगद्याच्या तोंडाशी दरडीवर आदळली. पन्नासहून अधिक माणसं गेली. वर्ष होत नाही तोच, १६ जून २००४ ला मत्स्यगंधा एक्स्प्रेस महाडजवळ करंजाडी परिसरात पुलापाशी रुळांवर आलेल्या धोंड्यांमुळे घसरली, डबे खाली कोसळले. दोन्ही वेळा जून, पावसाची सुरुवात. आणि २०२४ मध्ये पेडण्याच्या घटनेनंतर पाचच दिवसांनी, १४ जुलैला, खेडजवळ दिवाणखवटीला बोगद्याच्या तोंडाशी दरड आली. या वेळी जीव गेला नाही, मार्ग जवळपास चोवीस तास बंद राहिला.

बोगद्याचं तोंड पुन्हा पुन्हा का यावं? कारण तिथे डोंगर सर्वांत जास्त कुजलेला असतो. आत खोलवर ताजा खडक मिळतो, बाहेरच्या कातडीत माती आणि तिच्यात रुतलेले सुटे धोंडे. बसाल्ट कुजतो तो कडेकडेने, सांध्यांमधून. चौकोनी ठोकळ्याचे कोपरे आधी झिजतात, मग कांद्यासारखे पापुद्रे सुटतात आणि मध्ये टणक गोल गाभा उरतो. हा गाभा भोवतालच्या मातीवर टेकलेला असतो, इतकंच. समोरची माती कापली आणि पहिल्याच जोराच्या सरीत खालची धुपली की मिनी ट्रकएवढा धोंडा रुळांकडे निघतो. कातळातही दगा असतो. लाव्हाच्या दोन थरांमध्ये तांबड्या मातीचा पातळ पट्टा असतो. तो उघडा पडला की भिजून झिजतो आणि वरचे खांबांसारखे उभे ठोकळे अधांतरी लोंबकळू लागतात. सुरुंगांनी आधीच ढिले केलेले सांधे, त्यांत शिरलेली मुळं आणि त्यात भरलेलं पाणी. एवढं पुरतं.

बोगदा शंभर-दीडशे मीटर आधी सुरू केला असता तर यातली कितीतरी कटिंग लागलीच नसती. पण तोंडाजवळ खोली कमी, म्हणजे ठोकताळ्याप्रमाणे उघडं कापणं स्वस्त. जिथे खडक सर्वांत वाईट तिथेच तो सर्वांत उघडा ठेवला गेला. शिवाय जमीन बेचाळीस हजारांहून अधिक खातेदारांकडून घ्यायची होती, पट्टा जितका अरुंद तितकं संपादन सोपं. अरुंद पट्ट्यात कापलेला उतार उभाच होणार.

अपघातांनंतर महामंडळाने जे केलं त्याला मी मनापासून दाद देतो. कटिंगचे उतार सैल केले, टप्पे पाडले, माथ्यावर पाणी अडवणारे चर काढले, कातळावर पोलादी जाळ्या, रॉकबोल्ट (खडकात रोवलेले पोलादी गज), शॉटक्रीट (दाबाने फवारलेलं काँक्रीट). मातीच्या उतारांवर वाळा लावला, आपण माठात टाकतो तोच. त्याची मुळं दोन-तीन मीटर सरळ खाली जातात आणि वरची कातडी शिवून ठेवतात. त्याहून खोल घसरणाऱ्या दरडीला वाळा रोखू शकत नाही. दरड हलली की इशारा देणारी 'रक्षा धागा' ही यंत्रणा आली. पावसाळ्यात सहाशेहून अधिक कर्मचारी मार्गावर गस्त घालतात, धोक्याच्या जागी चोवीस तास पहारा असतो. स्थानकांवर पर्जन्यमापक आहेत, काळी, सावित्री आणि वाशिष्ठीच्या पुलांवर पुराची सूचना देणारी उपकरणं. दिसेनासा पाऊस लागला की चालकाने वेग ताशी ४० वर आणायचा. आणि सर्वांना ठाऊक असलेलं पावसाळी वेळापत्रक: वर्षानुवर्षं ते १० जून ते ३१ ऑक्टोबर असे, २०२५ मध्ये १५ जून ते २० ऑक्टोबर केलं गेलं. म्हणजे ताशी १६० च्या निकषावर डोंगर कापला आणि वर्षातले चार महिने गाड्या त्याच डोंगराच्या भीतीने हळू जातात.

उपाय फुकट नसतात, निसर्गालाही नसतात. साधा हिशोब करू. वीस मीटर उंचीचं कटिंग, उतार एकास एक, म्हणजे ४५ अंशाचा. तो सैल करून दोनास एक, म्हणजे दोन मीटर आडवा आणि एक मीटर उभा केला तर वरची कड वीस मीटर मागे जाते. दर मीटर लांबीला एका बाजूने २०० घनमीटर डोंगर जास्त कापावा लागतो. शंभर मीटर लांबीला २०,००० घनमीटर, दहा घनमीटरच्या डंपरच्या दोन हजार खेपा, तेही एकाच बाजूच्या, आणि उकरल्यावर माती फुगते ते वेगळंच. त्यावरची झाडं जातात, वीस मीटरचा जास्तीचा पट्टा जातो. ही माती टाकायची कुठे? उतारावर टाकली तर पुढच्या पावसात वहाळात, तिथून खाडीत. खाजणांच्या नावाने सुरू झालेला वाद असा डंपरमधून पुन्हा खाजणापाशी येतो. उतार सुरक्षित करणं हेही डोंगर कापणंच आहे. ते आखणीच्या वेळी टाळता येतं, नंतर फक्त कमीजास्त करता येतं.

मग काय करायला हवं होतं, आणि आता काय

कोकण रेल्वे झाली नसती तर बरं, असं मी म्हणणार नाही. मुंबईहून एसटीने रात्रभर हाडं खिळखिळी करून घेत गावी पोचलेल्या पिढीसमोर असं बोलायची हिंमतही नाही. आंतरभागातून मार्ग नेला असता तर बोगदे कमी नाही, जास्तच लागले असते, हेही खरं. प्रश्न आखणीच्या बारकाव्याचा आहे. चढ आणि वळणाचे निकष जरा सैल ठेवले असते तर काही वाईट डोंगर चुकवता आले असते. उरलेल्यांत बोगदे लांब करून तोंडं चांगल्या खडकात नेता आली असती, किंवा कटिंगवर काँक्रीटची कमान टाकून वर माती भरून कृत्रिम बोगदा करता आला असता. हे उपाय महाग होते. पण २००४ नंतर कापलेला डोंगर, बंद पडलेले दिवस, वळवलेल्या गाड्या आणि गेलेली माणसं यांचं बिल वेगळ्या खात्यात पडलं, म्हणून पहिलं बिल स्वस्त दिसलं.

रोह्यापासून वीरपर्यंतचं दुपदरीकरण २०२१ मध्ये झालं. तो भाग तुलनेने सपाट. वीरच्या पुढे सोंडा सुरू होतात, आणि दुसरी लाइन टाकायची तर प्रत्येक सोंड दुसऱ्यांदा कापावी लागेल, तीही चालू मार्गाच्या शेजारी, त्याच मातीत, त्याच पाण्याला नवी वाट काढून देत. महामंडळाच्या तिजोरीला हे पेलणार नाही, म्हणून ते भारतीय रेल्वेत विलीन करायला २०२५ मध्ये महाराष्ट्रानेही संमती दिली. पैसा आला की काम वेगाने निघेल.

ते निघण्याआधी मऊ डोंगरांपुरत्या चार गोष्टी निविदेत लेखी असाव्यात. आखणी पक्की करण्यापूर्वी निदान दोन पावसाळे त्या डोंगरात पिझोमीटर घालून पाण्याची पातळी मोजलेली असावी. एका उन्हाळ्यातल्या बोअरवर ठरवलेलं डिझाइन इथे कामाचं नाही. वरच्या वाड्यांतल्या विहिरी आणि झऱ्यांची खोदकामाआधीची नोंद ग्रामपंचायतीच्या सहीने ठेवलेली असावी, म्हणजे पाणी आटल्यावर भरपाई कुणी द्यायची यावरून वर्षानुवर्षं पत्रव्यवहार होणार नाही. बोगद्याच्या तोंडाचा निर्णय खोलीवर न ठरता कुजलेल्या थराच्या जाडीवर ठरावा. आणि निघणारी माती कुठे जाणार हे डोंगर कापण्याच्या नकाशावरच दाखवलेलं असावं. यातलं पहिलं काम सर्वांत स्वस्त आणि तेच सर्वांत आधी वगळलं जातं, कारण त्याला दोन पावसाळे थांबावं लागतं.